रंबुकांवर लिहायचंय? आधी वाल्या कोळ्याला बाजूला ठेवा

प्रश्न थोडक्यात असा: दिवाळी अंकासाठी फिजीचे पंतप्रधान सितिवेनी रंबुका यांच्यावर अडीच हजार शब्दांचा लेख लिहायचाय. संपादकांचं म्हणणं, माणूस खलनायक की पश्चात्ताप झालेला, हे आधी ठरवा आणि मग लिहा. माहिती ढीगभर मिळाली, पण एक स्रोत शिव्या घालतो आणि दुसरा आरती ओवाळतो. सुरुवात कुठून करावी आणि १९८७ ला किती वजन द्यावं, २०२३ ला किती?

तुमची अडचण माहितीची नाही. शेवट तुम्हाला आधीच ठाऊक आहे, ही खरी अडचण. लष्करी बंड करून भारतीय वंशाच्या लोकांचं राजकीय भवितव्य उद्ध्वस्त करणारा माणूस छत्तीस वर्षांनी त्यांचीच जाहीर माफी मागतो. एवढं कळलं की मराठी माणसाच्या डोक्यात साचा तयारच असतो: वाल्याचा वाल्मीकी झाला. मग मधली सगळी वर्षं आपण त्या साच्यात कोंबायला लागतो आणि जे बसत नाही ते गळतं. रंबुकांच्या बाबतीत नेमकं महत्त्वाचं तेच गळतं.

काही गोष्टी तुमच्यावर आणि अंकावर अवलंबून आहेत, हे आधीच सांगतो. अंकाचा वाचक फिजी नकाशावर दाखवू शकत नसेल तर पहिली पाचशे शब्दांची जागा पार्श्वभूमीला जाणार. कोशातली नोंद असती तर मी तारखांच्या क्रमाने गेलो असतो. दिवाळी अंकात तसं गेलात तर वाचक दुसऱ्या पानावर फराळाकडे वळेल. आणि माणूस हयात आहे, सत्तेत आहे. त्यामुळे शेवटचा निवाडा देण्याचा मोह तुम्हाला कितपत आवरतो, त्यावर बरंच ठरेल.

मी तीस-बत्तीस वर्षं चरित्रनोंदी लिहिल्या आणि दुसऱ्यांच्या तपासल्या. राजकारणी माणसाची नोंद करताना माझी एक साधी सवय होती. वहीच्या पानावर मधोमध उभी रेघ मारायची. डावीकडे, या पावलाने त्याच्या पदरात काय पडलं; उजवीकडे, हातचं काय गेलं. भाषणं, मुलाखती, आत्मसमर्थनं सगळी मागच्या पानावर. ती वाया जात नाहीत, पण पहिलं पान भरल्याशिवाय तिकडे बघायचं नाही. रंबुकांचं पान असं भरलं की चित्र बरंच वेगळं दिसतं.

लेखाची सुरुवात १४ मे १९८७ च्या सकाळी दहाच्या सुमाराला, राजधानी सुवाच्या संसदेत करा. सेनाप्रमुख देशाबाहेर. अडतीस वर्षांचे लेफ्टनंट कर्नल रंबुका साध्या कपड्यांत प्रेक्षकांच्या सज्जात बसलेले. विरोधी बाकावरचे तानिएला वेइताता बोलत होते. बंदुकीच्या नळीतून सत्ता येते या माओच्या वचनाचा उल्लेख करून, फिजीत बंदूक नाही, अशा आशयाचं काहीतरी ते सांगत होते. तेवढ्यात तोंडावर मुखवटे चढवलेले दहा सैनिक आत आले. रंबुका सज्जातून उठले आणि त्यांनी सूत्रं हाती घेतली. सरकारातल्या सदस्यांना लष्करी ट्रकमध्ये बसवून नेलं. हा प्रसंग मी रचला असता तर संपादकाने ‘फार जुळवून आणलंय’ म्हणून कापला असता.

तारखेचाही योग बघा. १४ मे १८७९ रोजी ‘लिओनिडास’ जहाज फिजीला लागलं आणि साडेचारशेहून अधिक भारतीय मजूर तिथे पोचले. करार म्हणजे ॲग्रीमेंट, त्याचं झालं गिरमिट, आणि ते लोक झाले गिरमिटिये. १९१६ पर्यंत असे सुमारे ६०,५०० लोक गेले. बंड बरोबर १०८ वर्षांनी त्याच तारखेला झालं. रंबुकांनी तारीख मुद्दाम निवडली असं मात्र लिहू नका. योगायोग म्हणून ठेवा, तो तेवढ्यानेही बोलतो. ही जहाजं कलकत्त्याहून आणि मद्रासहून सुटत. मॉरिशसला मुंबईहून गेलेल्या मराठी मजुरांची परंपरा आहे, तशी फिजीत नाही. त्यामुळे ‘आपली माणसं’ म्हणून गळा काढताना जरा सांभाळून.

आता माझी एक चूक सांगतो, म्हणजे तुमची टळेल. माझ्या पहिल्या नोंदीत मी लिहिलं होतं, ‘भारतीय वंशाच्या पंतप्रधानांना पदच्युत केले.’ छापून आल्यावर एका निवृत्त शिक्षकाचं पोस्टकार्ड आलं, बारीक अक्षरात, चार ओळींचं. पदच्युत झालेले डॉ. तिमोथी बावांद्रा मूळ फिजियन होते, हे त्यांनी मला सांगितलं. कान धरण्यासारखीच चूक. बावांद्रांच्या आघाडीने एप्रिल १९८७ मध्ये ५२ पैकी २८ जागा जिंकल्या होत्या. त्या आघाडीमागे भारतीय वंशाच्या मतदारांचं बळ मोठं होतं आणि मंत्रिमंडळात त्यांचा वाटा ठसठशीत होता, पण पंतप्रधान ताउकेई म्हणजे तिथलेच मूळचे. महिनाभर सरकार चाललं आणि गेलं. भारतीय वंशाचे पंतप्रधान महेंद्र चौधरी. त्यांना ओलीस धरलं गेलं ते २००० साली, आणि ते बंड जॉर्ज स्पाइटचं. आंतरजालावरचे निम्मे लेख या दोन घटनांची खिचडी करतात.

हा तपशील बारीक वाटेल, पण लेखाची कूस त्यानेच बदलते. लढाई नुसती ‘ते विरुद्ध आपण’ अशी नव्हती. पश्चिमेकडच्या एका सामान्य डॉक्टरने पूर्वेकडच्या सरदार घराण्यांच्या हातातली सत्ता काढून घेतली होती. स्वातंत्र्यापासून, म्हणजे १९७० पासून, रातू सर कामिसेसे मारा पंतप्रधान होते. बंडानंतर नेमलेल्या मंत्री परिषदेत हेच मारा जाऊन बसले. रंबुका स्वतः सरदार घराण्यातले नाहीत. ते वानुआ लेवू बेटावरच्या थाकाउंद्रोवे प्रांतातले साधे गावकरी, शाळेत हुशार, रग्बीचे राष्ट्रीय खेळाडू, मेथॉडिस्ट धर्मोपदेशक आणि शिपाईगडी. सरदारांच्या वतीने बंड करणारा हा सामान्य माणूस चारच वर्षांत, १९९१ मध्ये, सरदारांच्याच आशीर्वादाने निघालेल्या पक्षाचा अध्यक्ष होतो आणि १९९२ मध्ये पंतप्रधान. डावा रकाना बघा कसा भरत चाललाय.

जमिनीबद्दल एक परिच्छेद हवाच. मराठी वाचकाला ‘कसेल त्याची जमीन’ रक्तात भिनलेलं आहे. कूळ म्हटलं की आपली सहानुभूती कुळाकडे. फिजीत ८० टक्क्यांहून जास्त जमीन मूळ फिजियन भाऊबंदांच्या समूहांच्या, मातांगालींच्या, सामाईक मालकीची आहे. ती विकता येत नाही, फक्त भाडेपट्ट्याने देता येते. तिच्यावर ऊस लावणारे बहुतेक भारतीय वंशाचे. म्हणजे जमिनीला घाम लावणारा एक आणि तिच्यावर पिढ्यान्‌पिढ्यांचा हक्क सांगणारा दुसरा. दोघेही गरीब असू शकतात. त्यात १९८६ च्या जनगणनेत भारतीय वंशाचे सुमारे ४९ टक्के आणि मूळ फिजियन ४६ टक्के. ‘मतपेटीतून आमची जमीन जाईल’ ही भीती कायद्याच्या दृष्टीने पोकळ होती, पण गावात ती खरी होती. रंबुकांनी ती जन्माला घातली नाही, वापरली. लेखात या दोन क्रियापदांमधलं अंतर राखा.

वेलिंग्टनचा सापळाही सांगून ठेवतो. रंबुकांनी १९७९ मध्ये वेलिंग्टनच्या स्टाफ कॉलेजात शिक्षण घेतलं. ते न्यूझीलंडमध्येही शिकलेले असल्यामुळे भले भले हे वेलिंग्टन न्यूझीलंडची राजधानी समजतात. आपलं वेलिंग्टन निलगिरीत, कुन्नूरजवळ. मद्रास विद्यापीठाची संरक्षणशास्त्राची पदवीही त्यांनी त्याच वास्तव्यात मिळवली. ज्या देशाच्या लष्कराने शिकवलं, त्याच देशातून गेलेल्या मजुरांच्या नातवंडांवर बंड आणि त्याच देशाच्या सरकारशी पुढे वाकडं. राजीव गांधींच्या सरकारने निर्बंध घातले, १९९० मध्ये सुवातलं भारतीय उच्चायुक्तालय बंद झालं. चौकट करायची असेल तर याची करा.

मे महिन्यातल्या बंडापेक्षा सप्टेंबरचं दुसरं बंड मला नोंदीसाठी जास्त महत्त्वाचं वाटतं आणि बहुतेक लोक ते एका वाक्यात उरकतात. मे महिन्यात भीती, घाई, दबाव अशा सबबी देता येतात. सप्टेंबरात बावांद्रा आणि मारा या दोघांनी गव्हर्नर-जनरल गानिलाऊ यांच्या मध्यस्थीने संयुक्त काळजीवाहू सरकारचा करार केला होता. प्रश्न सुटत आला होता. २५ सप्टेंबरला रंबुकांनी तो उधळला, ऑक्टोबरात फिजी प्रजासत्ताक झाल्याचं जाहीर केलं आणि राष्ट्रकुलातलं सदस्यत्व गेलं. त्यानंतर रविवारी दुकानं, खेळ, वाहनं बंद ठेवण्याचा फतवा; त्यात धर्मोपदेशक रंबुका दिसतात. मग १९९० ची राज्यघटना: ७० पैकी ३७ जागा मूळ फिजियनांना, २७ भारतीयांना, आणि पंतप्रधान मूळ फिजियनच असणार. शिक्षक, डॉक्टर, हिशेबनीस देश सोडून ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, कॅनडाकडे निघाले. २००७ च्या जनगणनेत भारतीय वंशाचा वाटा ३८ टक्क्यांच्या आत आला होता. बंडाची किंमत कोणी मोजली, हे या दोन जनगणना सांगतात.

इथपर्यंत वाल्या कोळी साच्यात चपखल बसतो. पुढे गडबड सुरू होते.

१९९२ मध्ये रंबुका पंतप्रधान झाले ते कोणाच्या पाठिंब्याने? महेंद्र चौधरींच्या लेबर पक्षाच्या. ज्यांचं सरकार पाडलं त्यांच्याच वारसांनी, घटनेच्या फेरविचाराचं आणि जमीन-कामगार प्रश्नांवरचं आश्वासन घेऊन, यांना खुर्चीवर बसवलं. आश्वासनं रेंगाळली, लेबरने पुढच्या वर्षी सभात्याग केला. यात कुठला पश्चात्ताप? आकडेमोड आहे, दोन्ही बाजूंनी. ज्याला कालपर्यंत बंदूक दाखवली त्याच्याकडे आज मतं मागावी लागतात, हे रंबुका बहुधा इथे शिकले. हे माझं अनुमान. तुम्ही घेतलंत तर अनुमान म्हणूनच लिहा.

मग १९९७. तुमच्या लेखाचा एक तृतीयांश भाग मी याला देईन. सर पॉल रीव्ह्ज यांच्या आयोगाने घटनेची छाननी केली. त्यात एक सदस्य इतिहासकार ब्रिज लाल होते, गिरमिटियाचे नातू. अहवालानंतर खरी वाटाघाट रंबुका आणि नॅशनल फेडरेशन पक्षाचे जयराम रेड्डी यांच्यात झाली. रेड्डींना रंबुकांनी सरदारांच्या महापरिषदेपुढे बोलायला बोलावलं. त्या सभेपुढे भारतीय वंशाचा नेता उभा राहण्याची ती पहिलीच वेळ. दहा वर्षांपूर्वी ज्या समाजाला राज्यकर्ता होऊ द्यायचं नाही म्हणून संसदेत मुखवटे घालून माणसं घुसवली, त्याच समाजाचा पुढारी सरदारांसमोर हात जोडून नव्हे, वाटाघाटीतला भागीदार म्हणून बोलला. नव्या घटनेने पंतप्रधानपदाची वंशाची अट काढली. ७१ जागांपैकी २५ सर्वांना खुल्या केल्या. ४६ मात्र वंशनिहाय वाटलेल्याच राहिल्या, हेही लिहा, नाहीतर ती आहे त्याहून उदार भासेल. फिजी त्याच वर्षी राष्ट्रकुलात परतलं.

उजवा रकाना कधी भरला? मे १९९९ मध्ये. नव्या घटनेखालच्या पहिल्याच निवडणुकीत रंबुकांचा पक्ष ८ जागांवर आला. रेड्डींचा पक्ष तर शून्यावर. लेबरला एकट्याला ३७ आणि चौधरी पंतप्रधान. मूळ फिजियन मतदारांपैकी अनेकांनी ‘याने आम्हाला विकलं’ म्हणून रंबुकांना झिडकारलं, भारतीय मतदारांनी रेड्डींना. मधोमध भेटलेले दोघेही आपापल्या काठावर बुडाले. आणि १९८७ चे रंबुका १९९९ मध्ये निकाल मान्य करून खुर्ची सोडतात. लष्करात वजन असलेला, एकदा नव्हे दोनदा बंड यशस्वी केलेला माणूस. माझ्या वहीत या ओळीखाली लाल रेघ आहे.

पुढची वीस वर्षं झटपट उरका. सरदारांच्या परिषदेचं अध्यक्षपद, २००० च्या बंडात मध्यस्थीचा प्रयत्न, त्याच वर्षी नोव्हेंबरात लष्करात झालेल्या उठावाला चिथावणी दिल्याचा खटला, डिसेंबर २००६ मध्ये निर्दोष सुटका. त्याच महिन्यात सेनाप्रमुख फ्रँक बाइनिमारामांचं बंड. ‘निर्दोष सुटका’ हे दोन शब्द गाळू नका. हयात माणसाच्या नोंदीत आरोप लिहिला की निकाल लिहायचा, याला अपवाद नाही. २०१८ मध्ये विरोधी पक्षनेते म्हणून पुनरागमन, मग नवा पक्ष. डिसेंबर २०२२ च्या निवडणुकीत, तोवर पंतप्रधान असलेल्या बाइनिमारामांच्या पक्षाला २६, रंबुकांच्या पीपल्स अलायन्सला २१, नॅशनल फेडरेशनला ५ आणि तिसऱ्या सोडेल्पा पक्षाला ३ जागा. त्या तिघांचा पाठिंबा कोणाला, यावर सोडेल्पाच्या समितीत दोनदा मतदान झालं. दुसऱ्यांदा १३ विरुद्ध १२. संसदेत २४ डिसेंबरला २८ विरुद्ध २७. एका मताने पंतप्रधान! सोबत उपपंतप्रधान बिमान प्रसाद, म्हणजे रेड्डींच्याच पक्षाचे वारसदार. १९९७ ची मोडलेली बैठक पुन्हा मांडली गेली.

आणि मग १४ मे २०२३. मेथॉडिस्ट चर्चने आयोजित केलेल्या समेटाच्या प्रार्थनासभेत रंबुकांनी १९८७ साठी क्षमा मागितली. गिरमिट दिनाची सार्वजनिक सुट्टीही त्याच वर्षी सुरू झाली. डोळ्यांत पाणी आणणारा प्रसंग आहे, त्याची टिंगल करू नका. पण वहीत भरून बघा. डावीकडे: आघाडी टिकते, भारतीय मतदार जवळ येतात, जगात प्रतिमा उजळते. ऑगस्ट २०२५ मध्ये ते पंतप्रधान म्हणून दिल्लीलाही येऊन गेले. उजवीकडे? १९८७ च्या बंडासाठीचं कायदेशीर संरक्षण १९९० च्या घटनेपासून आजच्या २०१३ च्या घटनेपर्यंत कायम आहे. म्हणजे माफी मागून त्यांना कुठल्या न्यायालयात उभं राहावं लागलं नाही.

यावरून माफी खोटी ठरत नाही. माणसाच्या आत काय चाललंय ते मला कळत नाही, तुम्हालाही कळणार नाही. पंचाहत्तरीला टेकलेल्या श्रद्धाळू माणसाला जुनं ओझं खरोखर टोचत असेल. माझं म्हणणं वजनाबद्दल आहे. २०२३ ला माफीचे शब्द होते आणि सत्ता टिकली. १९९७ ला घटनेची कलमं होती, आणि सत्ता गेली. संपादकांना निवाडाच हवा असेल तर मी हा देईन: १९८७ च्या दोन्ही बंडांची, त्यातही सप्टेंबरच्या, जबाबदारी पूर्ण त्यांच्या नावावर, १९९७ चं श्रेय रेड्डींबरोबर निम्मं वाटून, २०२३ ला अर्धं पान. फोटो मात्र संपादक २०२३ चाच मागतील, देऊन टाका.

आता किरकोळ, पण छापताना डोकं खाणाऱ्या गोष्टी. फिजियन लिपीत बी लिहितात आणि ‘म्ब’ म्हणतात, डी म्हणजे ‘न्द’, सी म्हणजे ‘थ’, क्यू म्हणजे ‘ङ्ग’. म्हणून ‘रबुका’ नव्हे, रंबुका; ‘काकोबाऊ’ नव्हे, थाकोंबाऊ; आणि आंतरराष्ट्रीय विमानतळाचं गाव ‘नाडी’ नव्हे, नांदी. देवनागरीला हे सहज जमतं, इंग्रजीमार्गे जायचं कारण नाही. नुसता जी म्हणजे ‘ङ’. त्या हिशोबाने गव्हर्नर-जनरलांचं नाव ‘ङानिलाऊ’ होतं, पण एवढा छळ मुद्रितशोधकाचा करू नये, मी गानिलाऊ लिहितो. ‘फिजियन’ या शब्दाचाही घोळ आहे. पूर्वी तो फक्त मूळ रहिवाशांसाठी वापरत, २०१३ च्या घटनेनंतर सर्व नागरिकांसाठी. लेखाच्या सुरुवातीलाच कोणत्या अर्थाने वापरताय ते सांगून मोकळे व्हा. आणि बंड करताना ‘तो’, पंतप्रधान झाल्यावर ‘ते’, असं करू नका. सर्वनाम एकदा ठरवा आणि शेवटपर्यंत तेच ठेवा. वाचकाला तुमचा कल सर्वनामावरून कळतो.

शेवटी एक. लेखाच्या तळाशी मजकूर कधीपर्यंतचा आहे ती तारीख टाका. सत्य आणि समेट आयोगाचा कायदा तिथल्या संसदेने डिसेंबर २०२४ मध्ये केला, पुढची निवडणूकही लांब नाही, त्यामुळे तुमचा अंक रद्दीत जायच्या आत लेख जुना होऊ शकतो. हे अनुभवाने सांगतोय. १९९९ च्या पराभवानंतर आम्ही पुरवणी काढली होती. रंबुकांच्या नोंदीचं शेवटचं वाक्य मी मोठ्या आत्मविश्वासाने लिहिलं, ‘त्यानंतर ते सक्रिय राजकारणातून निवृत्त झाले,’ आणि पूर्णविराम देऊन पान छापायला पाठवलं.